आचाऱ्याची मुलगी ओकली

आमच्या घरात ‘उलटी’ हा शब्द मोठ्याने उच्चारायची पद्धत नव्हती. कुणाला तसं झालंच तर आई ‘बरं वाटत नाहीये’ म्हणायची, आणि तेही दार लोटून घेऊन. माझे वडील, अण्णा, लग्नामुंजीचे आचारी होते. ज्या घराची चूल दुसऱ्यांच्या जेवणावळींवर पेटते त्या घरातलं कुणी ओकताना शेजाऱ्यांनी ऐकणं म्हणजे सोनाराच्या घरात पितळेच्या बांगड्या सापडण्यासारखं होतं. शुक्रवार पेठेत, मंडईपासून हाकेच्या अंतरावर, आमच्या दोन खोल्या होत्या आणि मागे पत्र्याची एक शेड. खोल्यांत आम्ही तिघं राहायचो. शेडमध्ये पातेली, पराती, कढया, झारे आणि भट्ट्या राहायच्या, आणि त्यांना आमच्यापेक्षा ऐसपैस जागा होती. सकाळ उजाडायची ती नारळ खवण्याच्या आवाजाने. आई विळीवर बसून एकामागून एक नारळ खवत असायची, मागे शेडमध्ये कुणीतरी चिंच लावून पितळी पातेलं घासत असायचं, आणि त्या खरवडण्याच्या दुहेरी आवाजात मी डोळे मिटून पडून राहायचे. हिंगाचा वास अंथरुणाला, कपड्यांना, माझ्या दप्तरालासुद्धा यायचा. वर्गात शिरले की मुली म्हणायच्या, “आली फोडणी!” मला त्याचं काही वाटत नसे. उलट जरा मिरवल्यासारखंच वाटायचं.

अण्णा उंच आणि किडकिडीत होते. आचारी असून अंगावर मांस नाही म्हणून नवं गिऱ्हाईक आधी थोडं साशंक असायचं. पण एकदा त्यांची अळूची भाजी खाल्ली की ती शंका मिटायची. भल्या पहाटे मार्केट यार्डात जाऊन ते स्वतः माल बघून आणायचे, दुसऱ्या कुणावर सोडायचे नाहीत. त्यांचं नाक हा आमच्या पेठेत चर्चेचा विषय होता. दुधाच्या पातेल्यावर नुसते वाकले तरी ‘हे दुपारपर्यंत टिकायचं नाही’ असं सांगायचे आणि ते टिकायचं नाही. आणखी एक गोष्ट होती, जी मी आज लिहिताना मुद्दाम लिहिते आहे. अन्नाच्या बाबतीत अण्णा खोटं बोलत नसत. एकदा जिलबीचं पीठ जास्त आंबलं, तर स्वतः जाऊन यजमानांना म्हणाले, “जिलबी आज वाढू नका. बिघडली आहे. दुसरं काही करतो.” यजमानांनी कपाळाला हात लावला, पण पुढे त्यांच्या तिन्ही मुलींच्या लग्नाचा स्वयंपाक अण्णांकडेच आला.

पहिल्या पंगतीत मला बसवायची गंमत अशाच एका लग्नात सुरू झाली. यजमान संशयी होते. मठ्ठा ताजा आहे ना, पाणी उकळून घेतलंय ना, असं पातेल्यापातेल्याला विचारत फिरत होते. शेवटी अण्णा वैतागले. मी तिथेच कोथिंबिरीच्या काड्यांशी खेळत होते. त्यांनी मला उचललं, पहिल्या पंगतीत पाटावर नेऊन बसवलं आणि म्हणाले, “आधी माझी मुलगी जेवेल. मग तुमची माणसं जेवू देत.” लोकांना हे फार आवडलं. एका लग्नातून दुसऱ्या लग्नात गोष्ट गेली आणि मग तो रिवाजच पडला. आईने मला हिरवं परकर-पोलकं शिवून घेतलं. कार्यालयात कुणीतरी ओरडायचं, “अण्णांची पोर बसली का? मग घ्या वाढायला!” आणि मी पाटावर ताठ बसून पहिला घास घ्यायचे. सगळे बघत असायचे. पहिली जिलबी माझ्या पानात पडायची. त्या लग्नातली दुसरी नवरी मीच आहे असा माझा समज होता.

दुखण्याची सुरुवात एका सकाळी झाली. आई उठवायला आली तर मी अंथरुणात उठून बसलेली, पांढरीफटक, आणि डोळे भिंतीकडे एका बाजूला लागलेले. हाक मारली तर ओ नाही. मग मी ओकले, पुन्हा ओकले, ओकतच राहिले, आणि शेवटी अंग टाकून गाढ झोपले. दुपारी उठून मी भात मागितला आणि अंगणात ठिक्कर खेळायला गेले. मला स्वतःला त्यातलं एवढंच आठवतं की पोटात ढवळलं होतं आणि आई फार लांबून बोलत होती. घरात मात्र चौकशी बसली. अण्णांनी, मला सांगायलाही लाज वाटते, चादरीवरचा वास घेतला आणि म्हणाले, “कालचं श्रीखंड. पण आंबट झालेलं नाही.” तरी उरलेलं श्रीखंड फेकलं गेलं, गवळी बदलला गेला, आणि मला चार दिवस मऊ भात मिळाला. दुसऱ्या वेळी आम्ही मामाकडून बसने परत येत होतो. तेव्हा निदान आणखी सोपं होतं, बस लागली. आईने पुढच्या प्रवासासाठी आलेपाक करून ठेवला. डोळे एका बाजूला का गेले, हाकेला ओ का आली नाही, हे कुणी विचारलंच नाही. आमच्या घराला सगळं पोटातून कळायचं. जे पोटाबाहेरचं होतं ते आम्हाला दिसत नव्हतं.

आता मी वाघोलीला मुलाच्या फ्लॅटमध्ये राहते. आमच्याच मजल्यावर एक तरुण डॉक्टरीणबाई आहेत, मुलांच्या मेंदूविकारांच्या. गच्चीत वाळवण घालताना एकदा मी सहज त्यांना हे सगळं सांगितलं, तर त्या एकदम खूश झाल्या. “काकू, अहो, तुम्ही तर क्लासिक केस आहात! याला एका परदेशी डॉक्टरचं भलंमोठं नाव आहे. आधी व्हॉमिटिंग, मग मूल पांढरं पडतं, डोळे एका साइडला. निम्म्या केसेसमध्ये लोकांना वाटतं पोट बिघडलंय. पण बिनाइन असतं हं, वयाबरोबर जातं.” आयुष्यात मला कुणी क्लासिक म्हटल्याची ही पहिलीच वेळ. मी हसले आणि कुरडया पसरत राहिले. पण घरात आल्यावर बराच वेळ कशात मन लागेना. एवढंसं ते दुखणं, आपोआप जाणारं. आणि आम्ही तिघांनी मिळून त्याचं काय करून ठेवलं होतं.

ते लग्न वैशाखातलं. मुलीचे वडील नामांकित वकील, मुलाकडची मंडळी तोलामोलाची, आणि अण्णांना एवढं मोठं काम पहिल्यांदाच मिळालेलं. आईची त्या दिवशी अडचण होती, त्यामुळे तिला स्वयंपाकाच्या आसपास फिरकायचं नव्हतं. म्हणून अण्णांनी पहाटे मला एकटीलाच टेंपोत घेतलं. पातेल्यांच्या मध्ये बसून मी कार्यालयात गेले. तिथे त्यांनी मला भट्टीपासून जरा लांब, पण त्यांना दिसेन अशा जागी पाट टाकून दिला, स्वतःच्या हाताने दूध-भात भरवला आणि केळीची पानं पुसायला दिली. सकाळभर मी पानं पुसली. अण्णा मसालेभाताला फोडणी घालता घालता मान वळवून विचारायचे, “काय नंदे, दमलीस?” आणि मी नाही म्हणायचे. तिथून मी उठले ती थेट परकर बदलून पंगतीला बसायलाच.

पान वाढून झालं होतं. मी वरण-भाताचे दोनतीन घास घेतले असतील. आधी मठ्ठ्याचा वास नकोसा झाला. मग तोंडाला पाणी सुटलं, पण ते चांगलं पाणी नव्हतं. वाढपी ‘कोशिंबीर, कोशिंबीर’ म्हणत जवळ येत होता आणि त्याचा आवाज मात्र लांब लांब जात होता. उठून मोरीकडे पळावं एवढं मला कळत होतं. पाय उचलेनात. मग मी पानावर ओकले, हिरव्या परकरावर ओकले, आणि शेजारच्या बाईंच्या शालूवर ओकले. त्यापुढचं मला ठाऊक नाही. नंतर लोकांनी सांगितलं की माझे डोळे एका बाजूला वर गेले आणि मी त्या बाईंच्या मांडीवर ओल्या फडक्यासारखी पडले. बाईंनी किंकाळी फोडली. कुणीतरी म्हणालं, “अन्नातून काहीतरी गेलंय!” आणि पंगत उठली. भरल्या पानावरून माणसं उठून गेली. आचाऱ्याच्या आयुष्यात याहून वाईट काही घडू शकत नाही.

शुद्धीवर आले तेव्हा मी कोठीघरात तांदळाच्या पोत्यांवर पडले होते. डोकं जड होतं आणि तोंडात कडू चव होती. दारात माणसं गोळा झाली होती. अण्णांनी एकेक पातेलं पुढे ओढून घेतलं होतं आणि सगळ्यांदेखत हाताने त्यातलं खात होते, भाजी, भात, कोशिंबीर, मठ्ठा, काही क्रम नाही. त्यांच्या ओठांना भाताची शितं चिकटली होती. माझे नीटनेटके अण्णा, वाढताना ज्यांच्या हातून थेंब सांडत नसे.

“अहो, आचाऱ्याचीच मुलगी ओकली,” एक म्हातारे गृहस्थ अगदी शांतपणे म्हणत होते. “आता जेवायला बसायचं तर मृत्युपत्र करूनच बसावं लागेल. वकील घरचेच आहेत, तेवढी सोय आहे.”

वकीलसाहेब हसले नाहीत. “अण्णा, मुलाकडची माणसं हात धुऊन उभी आहेत. मला एकच सांगा. अन्न चांगलं आहे का?”

“चांगलं आहे साहेब. शपथ घेऊन सांगतो.”

“शपथेवर माझा धंदा चालतो, अण्णा. जेवण चालत नाही. अन्न चांगलं आहे तर ही का ओकली?”

अण्णांना खरंच माहीत नव्हतं. ते माझ्याकडे वळले, पोत्याशी गुडघे टेकून बसले आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, “नंदे, सकाळपासून काय खाल्लंस तू?”

काय खाल्लं ते त्यांना माझ्याइतकंच ठाऊक होतं. त्यांनीच भरवलं होतं. मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. अण्णा घाबरलेले मी त्याआधी कधी पाहिले नव्हते. माझं काहीतरी चुकलं होतं, माझ्या पोटाने काहीतरी भयंकर केलं होतं आणि त्याची शिक्षा त्यांना होत होती, एवढंच मला कळत होतं. उन्हाळ्यात गाडीवरचं कापलेलं कलिंगड खायचं नाही, त्यावर माश्या बसतात, हे आई रोज बजावायची. ते जिभेवर आलं. मी म्हणाले, “कलिंगड खाल्लं. बाहेरच्या गाडीवरचं. चोरून.”

अण्णांनी माझ्या थोबाडीत मारली. त्यांनी मला आयुष्यात मारलेली ती एकच चपराक. तिचा आवाज कोठीघरात चांगला मोठा झाला, आणि दारातल्या माणसांचे चेहरे सैल पडले. “हात्तिच्या! असं होय,” कुणीतरी म्हणालं. वकीलसाहेबांनी अण्णांच्या खांद्यावर हात ठेवला. म्हातारे गृहस्थ म्हणाले, “मुलीला आवरा हो. जीभ फार चटावलीय तिची.” नवी पानं मांडली गेली. थोड्या वेळाने बाहेरून श्लोक म्हटल्याचा आवाज आला, मग भुरक्यांचा, मग आग्रहाचा. सगळे पोटभर जेवले. अळूची भाजी कमी पडली असं मी नंतर ऐकलं. मी पोत्यांवर तशीच पडले होते, परकराला वास येत होता आणि तो बदलायला कुणी आलं नाही. चपराकीचं दुःख फारसं झालं नाही. मला माझ्या अंगाची लाज वाटत होती. संध्याकाळी टेंपोतून परत येताना मी वाट बघत होते की अण्णा आता काहीतरी म्हणतील. शहाणी माझी ती, असं म्हणतील, नाहीतर खोटं का बोललीस म्हणून रागावतील. ते रस्त्याकडे बघत राहिले.

त्यानंतर मी पंगतीत बसले नाही. मी पेठेतली हावरी मुलगी झाले. मंडईत आईबरोबर गेले की फळवाल्या बायका हाक मारायच्या, “काय गं नंदे, फोड देऊ का कलिंगडाची?” आणि हसायच्या. आईला ते लागायचं. तिने ती गोष्ट खरी धरली होती, धरणारच. शाळेतून आले की ती माझे हात हुंगायची, तोंड उघडायला लावायची. वाढदिवसाला, हळदीकुंकवाला मला कुणाकडे पाठवत नसे. कुणी ताटली पुढे केलीच तर म्हणायची, “नको हो, तिला झेपत नाही.” घरात शेडभर बुंदी पडलेली असताना मी मऊ भात आणि मेतकूट खात होते. अण्णांसमोरच खात होते. ते मान खाली घालून जेवायचे आणि लवकर उठायचे. गंमत म्हणजे हळूहळू मलाच ते कलिंगड आठवायला लागलं. त्या फोडी, त्यांवरचं मीठ, थुंकलेल्या काळ्या बिया. मी इतक्यांदा कबुली दिली होती की एखादे वेळी वाटायचं, खाल्लंही असेल.

मध्ये एकदा शाळेत तसंच झालं. आमच्या नेहमीच्या डॉक्टरांना आईने आपणहून सांगितलं, “चोरून खाते हो बाहेरचं.” त्यांनी जंताचं औषध दिलं. मग दिवाळीच्या सुट्टीत, दुपारी झोपेतून उठता उठता मी ओकले आणि त्या वेळी प्रकरण तिथे थांबलं नाही. तोंड एका बाजूला ओढलं गेलं, डावा हात झटके देऊ लागला, आणि ते बराच वेळ चाललं. अण्णा घरात होते. त्यांनी मला उचलून रिक्षात घातलं. माझ्या तोंडातून आलेलं सगळं त्यांच्या सदऱ्यावर होतं आणि त्या वेळी त्यांनी वास घेतला नाही, असं आई पुढे सांगायची.

मोठ्या दवाखान्यात मेंदूचे डॉक्टर होते, पिकल्या केसांचे, हळू बोलणारे. माझ्या केसांत चिकट लेप लावून त्यांनी वायरी जोडल्या, यंत्रातून कागदाची लांब पट्टी निघाली. मग त्यांनी आईअण्णांना समोर बसवलं. मी आईच्या मांडीला टेकून उभी होते.

“यापूर्वी असं कधी झालं होतं? आपण आठवून सांगा. अगदी बारीक असलं तरी.”

आईने सगळं सांगितलं. ती सकाळ, ती बस, ती शाळा. “आणि एकदा लग्नात झालं होतं. पण ते वेगळं. त्या दिवशी हिने उघड्यावरचं कलिंगड खाल्लं होतं.”

“मग ते सोडून देऊ,” डॉक्टर म्हणाले.

“ते सोडू नका,” अण्णा म्हणाले.

आईने त्यांच्याकडे पाहिलं. अण्णा स्वतःच्या चपलांकडे बघत होते. “तिने कलिंगड खाल्लं नव्हतं. पहाटेपासून माझ्यासमोर बसून पानं पुसत होती. मी भरवलेला दूध-भात सोडून तिच्या पोटात काही नव्हतं.”

“मग ती तसं का म्हणाली?”

“माझ्यासाठी म्हणाली,” अण्णा म्हणाले.

डॉक्टरांनी मान हलवली आणि पुढे विचारलं नाही. मग ते समजावून सांगू लागले. दुखणं पोटाचं नव्हतं, मेंदूचं होतं. फेफऱ्याचाच एक प्रकार, पण सौम्य. मेंदूचा जो भाग पोट, घाम, नाडी सांभाळतो तिथे मधूनच गोंधळ उडतो, म्हणून आधी उलटी होते. “अशी काही मुलं मी पाहिली आहेत. मोठी होतात आणि बरी होतात. बुद्धीला काही धोका नाही. काही दिवस औषध देऊ. आपण घाबरू नका.”

“म्हणजे अन्नाशी याचा काही संबंध नाही?” अण्णांनी विचारलं.

“काडीचाही नाही.”

अण्णांच्या चेहऱ्यावर सुटका दिसली. मी लहान होते तरी मला ती ओळखू आली. आचाऱ्याची सुटका होती ती. लगेच त्यांना कळलं की आपल्याला कशाने बरं वाटलं, आणि ते माझ्याकडे बघेनासे झाले. बाहेर व्हरांड्यात आल्यावर आई थांबली.

“तुम्हाला माहीत होतं.”

“हो.”

“आणि तरी मारलंत तिला.”

“हो.”

“आणि मी इतके महिने पोरीला मेतकूट-भातावर ठेवलं. तुमच्यासमोर. रोज.”

आई नळापाशी जाऊन तोंडावर पाणी मारत उभी राहिली, पाणी बंद केल्यावरही तशीच उभी राहिली. मला वाटलं, आता सगळं नीट होणार. आता पेठेत सगळ्यांना कळेल की मी हावरी नाही.

दुसऱ्या दिवशी आई माझ्या केसांतला लेप गरम पाण्याने सोडवत होती. फणी अडकत होती, मी ओरडत होते. मध्येच ती म्हणाली, “कुणी विचारलं, दवाखान्यात कशाला गेला होतात, तर काय सांगशील?”

“मला फेफरं येतं,” मी म्हणाले. माझी बाजू खरी ठरवणारा शब्द मला मिळाला होता, मी तो आनंदाने उच्चारला.

फणी थांबली. “नाही. पोट नाजूक आहे म्हणायचं. लग्नात कलिंगड खाल्लं होतं तेव्हापासून.”

“पण आई, अण्णा काल म्हणाले—”

“ते डॉक्टरांपुरतं. हावऱ्या मुलीचं लग्न होतं, नंदे. फेफऱ्याच्या मुलीचं होत नाही.”

आईला दोष देण्याची माझी हिंमत नाही. त्या काळी कायद्यातसुद्धा फेफऱ्याला लग्न मोडण्याइतकं वजन होतं. पण एवढं खरं की आधीची लाज मी स्वतः ओढवून घेतली होती, ती अण्णांसाठी होती आणि तिच्यात थोडा अभिमानही होता. ही दुसरी लाज मला तेल लावून, वेणी घालून दिली गेली, आणि तिच्यात अभिमान औषधालाही नव्हता. दुखणं डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे गेलं. पुढे एकदा आलं, तेही हलकं, आणि मग कधीच नाही. शाळा संपली, कॉलेज झालं, मी एका शाळेत शिकवू लागले. कलिंगड मात्र माझ्या नावाला चिकटून राहिलं, आणि ते चिकटून राहील याची काळजी आम्ही तिघं घेत होतो.

मला सांगून आलेल्या एका स्थळाकडून मंडळी बघायला येणार होती. आदल्या संध्याकाळी अण्णा अचानक म्हणाले, “त्यांनी विचारलं तर मी खरं सांगणार आहे. लहानपणी होतं, गेलं. त्यात लपवायचं काय?” आई म्हणाली, “सांगा. आणि मग पोरीला जन्मभर सांभाळा.” अण्णा म्हणाले, “सांभाळीन.” मला त्या संध्याकाळी काय वाटलं ते मी कुणाला सांगितलेलं नाही. लग्न जमो न जमो, कुणीतरी माझ्याबद्दल खरं बोलणार होतं. मला झोप लागेना.

मंडळी आली. अण्णांनीच पोहे केले होते आणि मी ते घेऊन बाहेर आले. मुलाच्या आई नीटस, स्पष्ट बोलणाऱ्या. त्यांनी बशी हातात घेतली आणि म्हणाल्या, “राग मानू नका हं. पण आमच्या कानावर आलंय की मुलीला लहानपणी फिट यायच्या. लग्नात पडली होती म्हणे, भर पंगतीत.”

मी अण्णांकडे पाहिलं. त्यांनी तोंड उघडलं. आणि ते हसले.

“छे हो! फिट कसली? कलिंगड!” आणि त्यांनी गोष्ट सांगितली. पहिल्यांदाच मी ती त्यांच्या तोंडून ऐकत होते, आणि त्यांनी ती फार छान सांगितली. गाडीवाला कुठे उभा होता, मी परकराच्या ओच्यात फोडी कशा लपवल्या, शालूवाल्या बाई कशा किंचाळल्या, वकीलसाहेबांचा चेहरा कसा झाला. “अशी एक ठेवून दिली हिला!” म्हणत त्यांनी हवेत हात फिरवला. मंडळी पोट धरून हसली. मुलगा हसला. मुलाच्या आई डोळे पुसत म्हणाल्या, “म्हणजे खाण्याची आवड आहे. चांगलंय, आमचं घर खवय्यांचं आहे.” सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, तेव्हा मीही हसले.

ते स्थळ जमलं. लग्नानंतर वर्षाच्या आत मी यांना सगळं सांगून टाकलं, तर हे म्हणाले, “अरेच्चा, मी समजत होतो तू खरंच हावरी आहेस. उगाच रोज काहीतरी घेऊन येत होतो.” इतकं सोपं होतं ते, पण तो दिवस मला तेव्हा दिसत नव्हता. त्या दिवशी मंडळी गेल्यावर आईने देवापुढे साखर ठेवली. अण्णा घरात नव्हते. मी चहा घेऊन मागे शेडमध्ये गेले तर ते पालथ्या घातलेल्या पातेल्यावर बसले होते. मी कप पुढे केला, त्यांनी घेतला नाही.

“नंदे,” ते म्हणाले, “आज दुसऱ्यांदा झालं माझ्याकडून.”

त्यांच्याकडे बघवत नव्हतं. काहीतरी बोलून त्यांना सोडवावं म्हणून मी म्हणाले, “अहो अण्णा, पहिल्या वेळी तर मीच म्हणाले होते. तुम्ही कुठे म्हणालात?”

“तू सात वर्षांची होतीस,” अण्णा म्हणाले.